चोरासाठी लावलेलं कुलूप

ड्रायव्हिंग स्कूलमध्ये हाफ क्लच शिकवतात, चढावर गाडी मागे न येऊ देता उचलायची कशी ते शिकवतात, रिव्हर्स घेताना मान कुठे वळवायची तेही सांगतात. बंद गाडीचं स्टिअरिंग लॉक झालं आणि चावी फिरेना, तर काय करायचं, हे मात्र कुणी सांगत नाही. शिकवायची गाडी दिवसभर चालूच असते, एक उतरला की दुसरा बसतो. तिला लॉक व्हायला सवड कुठे? त्यामुळे लायसन्स मिळाल्यावर, स्वतःची गाडी घेतल्यावर कधीतरी कुठल्यातरी पार्किंगमध्ये हा प्रसंग आपला आपल्यालाच निस्तरावा लागतो. तोही नेमका घाईच्या वेळी. घाई नसतानाही स्टिअरिंग लॉक होतच असणार, पण ते कुणाच्या लक्षात राहत नाही.

चावी आत जाते, पण फिरत नाही. स्टिअरिंग धरावं तर तेही हलत नाही. पहिला विचार येतो, चुकीची चावी लावली का? दुसरा, गाडी बिघडली. मग जोर लावला जातो. चावीवर जोर, स्टिअरिंगवर जोर, दोन्हींवर एकदम जोर. एवढ्यात आपल्याकडे जे होतं ते होतंच. वॉचमन येतो, शेजारच्या गाडीचा ड्रायव्हर येतो, समोरच्या टपरीवरचा चहा अर्धा ठेवून एकजण येतो. बाई सीटवर असेल तर "तुम्ही उतरा जरा" हे पहिलं वाक्य. पुरुष असेल तर तो आपणहून उतरतो, कारण चारचौघांत स्टिअरिंगशी झटताना दिसणं त्याला बरं वाटत नाही. मग एकेक जण बसतो आणि आपापली ताकद आजमावतो. मी हे इतक्या वेळा पाहिलंय की आता मला त्यात गंमतच वाटते. गंमत अशी, की त्या कुलपाला ताकदीचाच त्रास होत असतो.

हे मला कळलं ते नाना पेठेत. तिथे जुन्या गाड्यांच्या सुट्या भागांची दुकानं आहेत. आमच्या गाडीचा लॉकसेट, म्हणजे चावी-कुलपाचा जोड, बदलायचा की नाही, या घोळात मी एका मेकॅनिकबरोबर गेले होते. तो फारसा बोलका नव्हता. त्याने दुकानदाराकडून भंगारातलं एक कॉलम लॉक, म्हणजे स्टिअरिंगच्या दांड्याचं कुलूप, मागून घेतलं, त्याचं वरचं पत्र्याचं झाकण उचकटलेलं होतं, आणि ते माझ्या हातात दिलं. आत करंगळीच्या पेराएवढी जाड पोलादी पिन, तिच्या मागे स्प्रिंग. चावी फिरवली की आतला कॅम फिरतो आणि पिन मागे ओढली जाते. चावी काढून घेतली की स्प्रिंग तिला पुढे ढकलते. गाडीत ही पिन स्टिअरिंगच्या दांड्यावरच्या कड्याला टेकलेली असते. कड्याला खाचा असतात. स्टिअरिंग थोडं फिरलं, खाच पिनसमोर आली, की पिन खटकन आत. झालं लॉक.

"आता फिरवा," तो म्हणाला. मी चावी फिरवली, पिन सुळकन मागे गेली. मग त्याने पिनच्या बाजूला अंगठा टेकवून ती आडवी दाबून धरली. "आता फिरवा." फिरेना. मी जोर लावला, तरी फिरेना. त्याने अंगठा काढला, आणि चावी फिरली. त्याचं व्याख्यान तेवढंच. लॉकसेट बदलायची गरज नव्हती हेही त्यातच आलं. त्याने ना पैसे घेतले, ना आणखी काही सांगितलं. चहा मात्र प्यायला.

पावसाळ्यात फुगलेल्या दाराची कडी आठवून पाहा. कडी ओढून निघत नाही, म्हणून कुणी हातोडी आणत नाही. दुसऱ्या हाताने दार जरा दाबायचं, कडीवरचा ताण गेला की ती बोटाने सरकते. स्टिअरिंगच्या पिनचंही हेच आहे. पिन खाचेत आडवी दाबली गेलेली असते आणि आपण चावीने तिला सरळ मागे ओढायला बघतो. हा आडवा दाब काढला पाहिजे. तो येतो कुठून, हे कळलं की काढता येतो.

तो येतो टायरमधून. उभ्या गाडीत स्टिअरिंग वळवलं की पुढची चाकं वळतात, पण रस्त्याला चिकटलेलं रबर पूर्ण वळत नाही, ते पिळलं जातं. इंजिन चालू असताना पॉवर स्टिअरिंग हा पीळ धरून ठेवतं, आपल्याला जाणवतही नाही. इंजिन बंद केलं की रबर उलगडायला बघतं आणि स्टिअरिंगला मागे खेचतं. चावी काढलेली असली की तेवढ्या हालचालीत पिन खाचेत बसते, आणि त्यानंतरही रबराचं खेचणं चालूच राहतं. गाडी फुटपाथला चाक घासून लावली असेल, उतारावर असेल, तर त्यात गाडीचं वजनही आलं. सॅन फ्रान्सिस्कोत तर तीन टक्क्यांहून जास्त उताराच्या रस्त्यावर गाडी लावताना चाकं फुटपाथकडे वळवून ठेवायची हा नियमच आहे, ब्रेक सुटला तरी गाडी घरंगळू नये म्हणून. नियम रास्तच आहे. महाबळेश्वरच्या उतारांवर आपल्याकडचे ड्रायव्हर नियमाशिवायच हे करतात, वर चाकाला दगडही लावतात. पण अशा गाडीत सकाळी चावी फिरेनाशी झाली तर नवल मानू नये.

टायरखेरीज आणखी एक कारण आहे, ते माणसांचं. आमच्या घरात स्टिअरिंग बहुतेक वेळा माणसांनीच लॉक केलंय. गुडघे दुखणारी आत्या उठताना आधाराला जे हाताशी येईल ते धरते, आणि पुढच्या सीटवरून हाताशी स्टिअरिंगच येतं. नाहीतर लहान मुलं. बंद गाडीत बसवलेलं मूल स्टिअरिंगला हात न लावता बसेल, अशी अपेक्षाच चुकीची. तोंडाने घूंऽऽ करत ते डावीकडे फिरवणार, उजवीकडे फिरवणार, मग खट्ट आवाज येणार आणि मूल आपल्याकडे बघणार. त्याला रागवू नये. त्याने काहीही मोडलेलं नसतं.

आता सोडवायचं कसं. माझी भाची कोल्हापूरला असते. एकदा राजारामपुरीच्या एका गल्लीतून तिचा फोन आला.

"मावशी, स्टिअरिंग जाम झालंय. चावीपण फिरेना. इथले काका म्हणतायत लॉकसेट गेला, टो करायला लागणार."

"गाडी कशी लावलीस?"

"फुटपाथला. चाक टेकलंय अगदी."

मागून आवाज येत होते. कुणीतरी "जरा हिसका मारा की" म्हणत होतं. कोल्हापुरात मदतीला माणसं लगेच जमतात, आणि जमली की मनापासून मदत करतात, ही एरवी चांगलीच गोष्ट आहे.

"सगळ्यांना म्हणावं, दोन मिनिटं हात काढा. तू बस आत. चावीला हातच लावू नकोस. नुसतं स्टिअरिंग आधी डावीकडे दाब, मग उजवीकडे. काय होतं सांग."

"दोन्हीकडे हलत नाही गं."

"हलत नाही हे झालंच. पण दोन्हीकडे सारखंच अडतं का?"

ती गप्प झाली. मग म्हणाली, "उजवीकडे टक्कन अडतं. डावीकडे... जरासं दबतं. परत येतं."

मला हवं होतं ते हेच. एकीकडे लोखंडाला लोखंड लागतं, तिथे काही उपयोग नाही. दुसरीकडे अडवतं ते रबर, म्हणून तिथे किंचित दबतं आणि हात सैल सोडला की मागे येतं. त्या बाजूला दाबलं की पिनवरचा भार उतरतो. हा फरक पाऊण इंचाचाही नसतो, जोर लावणाऱ्या हाताला तो कळत नाही. म्हणून तर ताकदवान माणसांचं तिथे अडतं.

"दबतं तिकडे दाबून धर. सोडू नकोस. आणि आता दुसऱ्या हाताने चावी, चिमटीत धरून, अगदी हलकी."

फोनवर 'टिक' ऐकू आलं, मग इंजिन, मग तिचं हसणं. मागून एक काका विचारत होते, "मेकॅनिक आहेत का मावशी?" तिने "गणिताच्या बाई आहेत" म्हटलं. त्यावर तिकडे काय प्रतिक्रिया झाली ते तिने सांगितलं नाही.

एकट्या हाताने रबर दबत नसेल, गाडी उतारावर फुटपाथला टेकून बसली असेल, तर जमलेल्या मंडळींना आता खरं काम द्यावं. गाडी गिअरमध्ये असेल तर ती न्यूट्रलला काढायची, दोघांनी बाहेरून, गाडीच्या बाजूला उभं राहून, चाक फुटपाथपासून सुटेल इतपत गाडी रेटून धरायची, आतल्याने पाय ब्रेकपाशी ठेवून चावी फिरवायची. इंचभर सरकली तरी पुरतं. गाडीच्या उताराकडच्या बाजूला मात्र कुणीही उभं राहायचं नाही, हे मी बाई असल्याच्या अधिकाराने दरडावून सांगते.

स्टिअरिंग मोकळं आहे, दोन्हीकडे डुलतंय आणि तरी चावी फिरत नाही, तर दुखणं वेगळं. ते चावीचं किंवा कुलपाच्या आतल्या पट्ट्यांचं. वापरून वापरून चावीचे दात झिजतात. डुप्लिकेटवरून डुप्लिकेट काढलेली असेल तर ती मुळातच थोडी चुकलेली असते. कपाटात पडून असलेली दुसरी मूळ चावी लावून बघावी, ती फिरली तर कुलूप ठीक आहे. आत खोबरेल तेल सोडू नये. त्या दिवशी बरं वाटतं, पुढे धूळ धरून घट्ट होतं. ग्राफाइटची पूड त्यापेक्षा बरी. आणि ऑटोमॅटिक गाडीत गिअर नीट 'पी'वर गेला नसेल तर चावी बाहेरच येत नाही, तिथे स्टिअरिंगला दोष देण्यात अर्थ नाही.

खरं तर हे ज्ञान पुण्यात माझ्या पिढीच्या हातात होतंच. माझ्या वडिलांच्या स्कूटरला डिकीचं सोडलं तर एकच कुलूप होतं, हँडल लॉक. हँडल डावीकडे पूर्ण वळवायचं, किल्ली दाबून फिरवायची. उघडताना कधी अडलं तर आम्ही पोरं विचार न करता हँडल जरा हलवायचो आणि किल्ली फिरायची. त्याला आम्ही काही नाव दिलं नव्हतं. स्कूटरवर न बसता थेट कारमध्ये बसलेल्यांकडे ते नाही, यात त्यांचा काय दोष?

हे कुलूप आलं ते अर्थातच चोरासाठी. जनरल मोटर्सने १९६९च्या मॉडेलपासून आपल्या गाड्यांची चावी डॅशबोर्डवरून उचलून स्टिअरिंगच्या कॉलमवर नेली आणि चावी काढली की स्टिअरिंग अडेल अशी सोय केली. १ जानेवारी १९७०पासून अमेरिकेत नियमच आला, की चावी काढल्यावर एकतर स्टिअरिंग अडलं पाहिजे, नाहीतर गाडीचं स्वतःहून पुढे जाणं तरी. स्वीडनच्या साब कंपनीने यातला दुसरा रस्ता धरला. त्यांच्या '९९' नावाच्या गाडीत चावी दोन सीटच्या मध्ये, हँडब्रेकजवळ, आणि ती काढायची तर गिअर रिव्हर्सला टाकावा लागे. तिथेच तो अडकून बसे. अपघातात चालकाचा गुडघा चावीवर आदळू नये हाही त्यामागे विचार होता. मला ही गाडी चालवायला मिळालेली नाही, मिळेलसंही वाटत नाही, पण ज्याने ती चावी खाली नेली त्याच्याबद्दल मला आदर आहे.

कुलपाने चोऱ्या थांबल्या का? पश्चिम जर्मनीत थांबल्या नाहीत तरी झपाट्याने उतरल्या, आणि उतरलेल्याच राहिल्या. कारण १९६३पर्यंत तिथे हे कुलूप नव्या-जुन्या सगळ्याच गाड्यांना सक्तीचं झालं. ब्रिटनने १९७१पासून ते फक्त नव्या गाड्यांना लावायला लावलं. तिथले चोर मग जुन्या गाड्या चोरू लागले. गुन्ह्यांचा अभ्यास करणारे हे उदाहरण अजून देतात. मला त्यात वेगळंच दिसतं. अर्ध्या गाड्यांना कुलूप लावलं, तेव्हा चोराची नुसती गल्ली बदलली, आणि भुर्दंड बसला तो ज्याला नवी गाडी परवडत नव्हती त्याला.

पुढे चोरही शिकले. पिन शेवटी करंगळीच्या पेराएवढीच. मग चावीतल्या चिपशिवाय इंजिन सुरूच होऊ न देणारे इमोबिलायझर आले आणि खरा पहारा तिकडे गेला. अमेरिकेत ह्युंदाई आणि किया यांनी काही वर्षं अनेक गाड्या त्या चिपशिवायच विकल्या. त्याचा परिणाम २०२१ नंतर दिसला. पोरं कॉलमचं प्लास्टिक फोडून यूएसबी केबलच्या टोकाने इग्निशन फिरवायला लागली, त्याचे व्हिडिओ टाकायला लागली. कंपन्यांना सॉफ्टवेअर बदलून द्यावं लागलं आणि त्याबरोबर मालकांना फुकट वाटावं लागलं काय, तर स्टिअरिंगवर आडवा लावायचा लोखंडी दांडा. फिरून पुन्हा लोखंडच.

एक भीती मात्र मला पुष्कळांनी बोलून दाखवली आहे. चालत्या गाडीत हे लॉक झालं तर? चावीच्या गाडीत पिन पडते ती चावी 'लॉक'पर्यंत नेऊन काढल्यावरच, आणि बऱ्याच गाड्यांत तिथपर्यंत न्यायला चावी मध्येच आत दाबावी लागते. ती अडचण मुद्दाम ठेवलेली आहे. त्याच्या अलीकडच्या 'एसीसी' या खुणेवर स्टिअरिंग मोकळंच असतं. म्हणूनच बंद पडलेली गाडी दोराने ओढून नेताना चावी तिथे ठेवायची, काढून खिशात घालायची नाही. पण इंजिन बंद झालं की पॉवर स्टिअरिंगही गेलं, आणि ब्रेक हलका करणारा बूस्टर एक-दोन दाबांपुरताच उरतो. खंबाटकी उतरताना इंधन वाचवायला इंजिन बंद करणारे ड्रायव्हर एके काळी आपण पाहिले आहेत. त्यांचं स्टिअरिंग लॉक होत नव्हतं, नुसतं जड होत होतं, आणि घाटात तेवढंही पुरेसं वाईट आहे. वाचत तर काहीच नाही. आजच्या इंजेक्शनच्या गाड्या गिअरमध्ये उतरताना ॲक्सिलरेटर सोडला की इंधन आपलं आपण तोडतात.

२०१४मध्ये जनरल मोटर्सलाच सुमारे २६ लाख गाड्या परत बोलवाव्या लागल्या, कारण इग्निशनचा स्विच इतका सैल होता की चावीला लटकवलेल्या जुडग्याच्या वजनाने किंवा खड्ड्याच्या धक्क्याने चावी 'ऑन'वरून खाली घसरायची. इंजिन बंद, स्टिअरिंग जड, एअरबॅग निकामी. कंपनीने नेमलेल्या भरपाई निधीने त्यात १२४ मृत्यू धरले. ते वाचल्यापासून माझ्या गाडीच्या चावीला घराची, कपाटाची, देव्हाऱ्याची अशी कुठलीच किल्ली नसते. जेजुरीहून आणलेला खंडोबाचा पितळी टाकसुद्धा मी काढून आता ग्लोव्ह बॉक्समध्ये ठेवला आहे. घरच्यांना ते आवडलेलं नाही.

आता बटणाच्या गाड्या आल्या. चावी खिशात, पिन तीच, फक्त तिला ओढायला बोटाऐवजी छोटी मोटर. मोटर आपल्या हाताइतकी हुशार नसते. पिन आडवी दाबली गेली असेल तर ती ओढून बघते आणि सोडून देते. पडद्यावर सूचना येते, नाहीतर बटणावरचा दिवा लुकलुकत राहतो. उपाय बदललेला नाही. ब्रेक किंवा क्लच दाबायचा, बटण दाबता दाबता स्टिअरिंग डावी-उजवीकडे हलकं हलवायचं. गाडीची बॅटरी पार उतरली असेल तर मात्र मोटरला वीजच नाही, आधी जंप स्टार्ट द्यावा लागतो. चावीतला बटणसेल गेला असेल तर चावी बटणाला टेकवून धरली की बऱ्याच गाड्या ओळखतात. हे सगळं मॅन्युअलमध्ये आहे. मॅन्युअल ग्लोव्ह बॉक्समध्ये, प्लास्टिकच्या पिशवीत, सील न फोडलेलं.

आमच्या सोसायटीत एका तरुण गृहस्थांनी अशी नवी गाडी घेतली आहे. परवा सकाळी ते कोट घालून गाडीत बसून कंपनीच्या हेल्पलाइनवर होते. हेल्पलाइन त्यांना चासी नंबर विचारत होती. गाडीची चाकं कुंपणाच्या कठड्याला टेकलेली मला चालता चालताच दिसली. मी काचेवर टकटक केली आणि म्हटलं, ब्रेक दाबून बटण दाबा आणि स्टिअरिंग जरा हलवा. त्यांनी फोनवर हात ठेवून माझ्याकडे पाहिलं. "काकू, ही पुश स्टार्टची आहे."

"हो. हलवा तरी."

हलवलं. सुरू झाली. त्यांनी फोनवर "इट्स ओके, प्रॉब्लेम रिझॉल्व्ह झाला" म्हटलं, काच वर केली आणि गेले.